खारीज झालेला अर्ज आणि त्याची पुनःस्थापना : मोटार अपघातातील नुकसानभरपाईच्या दाव्यांचा विचार

‘खारीज’ आणि ‘फैसल’ हे न्यायालयीन मराठीतील दोन्ही शब्द फारसीच्या द्वारे आपल्याकडे आले आणि दोन्ही मुळात अरबी आहेत. पहिल्याचा मूळ अर्थ ‘बाहेरचा, बाहेर गेलेला’ असा. दुसऱ्याच्या मुळाशी ‘वेगळे करणे, निवाडा करणे’ ही कल्पना आहे. म्हणजे जो दावा फैसल झाला त्याचा निवाडा झाला; जो खारीज झाला तो केवळ दाराबाहेर ठेवला गेला. आजच्या बोलण्यातून हा भेद पार पुसला गेला आहे. न्यायालयाच्या आवारात ‘केस खारीज झाली’ एवढे शब्द कानी पडले, की पक्षकार त्यांचा अर्थ ‘आपण हरलो’ असा करतो व गावची वाट धरतो. मोटार अपघातात घरचा कर्ता माणूस गमावलेल्या कुटुंबाला हा गैरसमज फार महाग पडतो. कारण बाहेर गेलेला अर्ज पुन्हा आत आणण्यासाठी कायद्याने दार ठेवलेले आहे. मात्र ते थोडेच दिवस उघडे असते. हे दार कोणते, आदेशातील कोणत्या शब्दांवरून ते ओळखावे आणि ते उघडण्यासाठी काय सांगावे लागते, ह्याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

अपघातग्रस्तांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरण असावे, ही व्यवस्था मोटार वाहन अधिनियम, १९३९ ह्याच्या मूळ रूपात नव्हती. त्या काळी मृताच्या वारसांना प्राणांतिक अपघात अधिनियम, १८५५ ह्याचा आधार घेऊन दिवाणी दावा लावावा लागे, आणि मागणीच्या रकमेच्या मानाने न्यायालय शुल्क भरावे लागे. १९५६ च्या दुरुस्तीने कलम ११० व त्यानंतरची कलमे घालण्यात आली आणि दावा न्यायाधिकरणे अस्तित्वात येण्याचा मार्ग मोकळा झाला. १ जुलै १९८९ पासून अमलात आलेल्या १९८८ च्या अधिनियमात हीच योजना कलम १६५ ते १७६ ह्यांत मांडली आहे. ह्या कलमांतील एक शब्द विशेष लक्षात घेण्याजोगा आहे. न्यायाधिकरणाने दाव्याची ‘चौकशी’ करावी आणि न्याय्य वाटेल ती भरपाई ठरवावी, असे कलम १६८ सांगते. आणि ही चौकशी करताना योग्य वाटेल ती संक्षिप्त कार्यपद्धती अनुसरण्याची मुभा कलम १६९ देते. दाव्यात दोन पक्ष झुंजतात व न्यायाधीश पाहतो; चौकशीत चौकशी करणाऱ्यावरच काही भार असतो. इतकेच नव्हे, तर पोलिसांकडून आलेला अपघाताचा अहवाल हाच भरपाईचा अर्ज समजावा, असे कलम १६६ च्या चौथ्या उपकलमात म्हटले आहे. असे असता केवळ अर्जदार एका तारखेस आला नाही म्हणून चौकशीच बंद करणे हे ह्या योजनेच्या प्रकृतीशी फारसे जुळत नाही, असेच म्हणावे लागेल. सर्वोच्च न्यायालयानेही १९८० मध्ये एन. के. व्ही. ब्रदर्स विरुद्ध करुमाई अम्मल ह्या प्रकरणात, अपघातांच्या दाव्यांत तांत्रिक मुद्द्यांच्या आडून जबाबदार पक्ष निसटू नये ह्याविषयी न्यायाधिकरणांना सावध केले होते. तथापि व्यवहार वेगळा आहे. तारखा पडतात, पुकारा होतो, कोणी उठत नाही, आणि रोजनाम्यात एक ओळ लिहिली जाते.

त्या ओळीला आधार दिवाणी प्रक्रिया संहितेचा असतो. महाराष्ट्र मोटार वाहन नियम, १९८९ ह्यांनी संहितेतील निवडक आदेश न्यायाधिकरणांना लागू केले असून, पक्षकारांच्या गैरहजेरीसंबंधीचा आदेश ९ त्यांत आहे. ह्या आदेशाच्या नियम ३ प्रमाणे दोन्ही पक्ष गैरहजर असतील तर दावा काढून टाकता येतो. नियम ८ प्रमाणे वादी गैरहजर व प्रतिवादी हजर असेल, आणि प्रतिवादी मागणी कबूल करीत नसेल, तर तो काढून टाकला जातो. समन्स बजावण्याचा खर्च भरला नाही, तर नियम २ आहे. परिणाम वरवर पाहता एकच, पण पुढची वाट निराळी. नियम २ किंवा ३ खाली गेलेल्या दाव्यात नियम ४ दोन पर्याय देतो: मुदतीत असल्यास नवा दावा करावा, किंवा जुनाच पूर्ववत् करून मागावा. नियम ८ खाली गेलेल्या दाव्यात नियम ९ प्रमाणे त्याच कारणावर नवा दावा करता येत नाही. पूर्ववत् करून मागणे एवढाच मार्ग उरतो, आणि त्याची नोटीस विरुद्ध पक्षाला दिल्यावाचून तसा आदेश होऊ शकत नाही. विमा कंपनीचा वकील त्या दिवशी उभा होता की नव्हता, ह्या किरकोळ दिसणाऱ्या गोष्टीवर हे सर्व अवलंबून असते.

नियमांत अशी स्पष्ट तरतूद नसेल तेथे न्यायाधिकरणाला स्वतःचा आदेश मागे घेता येईल काय, असा प्रश्न उपस्थित केला जातो. न्यायाधिकरण हे अधिनियमाचे अपत्य. त्याला दिलेलेच अधिकार असतात, हा युक्तिवाद जुना आहे. त्याला उत्तर १९८० च्या ग्रिंडलेज बँक प्रकरणात मिळाले. ते प्रकरण औद्योगिक न्यायाधिकरणाचे होते. परंतु तेथे केलेला भेद सर्वत्र उपयोगी पडला आहे. निर्णयाच्या गुणदोषांचे पुनर्विलोकन ही एक गोष्ट, आणि कार्यपद्धतीतील उणिवेमुळे झालेला आदेश दूर करणे ही दुसरी. पहिल्यासाठी कायद्याने स्पष्ट अधिकार दिलेला असावा लागतो. दुसरा अधिकार न्यायदान करणाऱ्या प्रत्येक संस्थेच्या ठायी अंगभूत मानला जातो. खारीज झालेला अर्ज पुन्हा पटावर घेणे हे दुसऱ्या प्रकारात मोडते.

आता आदेशाच्या भाषेकडे वळावयास हवे, कारण पक्षकाराच्या हाती प्रत्यक्षात तेवढीच असते. मराठी आदेशांत ‘खारीज’, ‘काढून टाकण्यात येत आहे’, ‘फेटाळण्यात येतो’, ‘नामंजूर’ आणि ‘निकाली काढण्यात येतो’ ही क्रियापदे जवळजवळ अदलाबदलीने वापरली जातात. ह्यांपैकी ‘निकाली काढणे’ सर्वांत फसवे आहे. तो मूळचा दप्तरातील शब्द. कागद टेबलावरून हलला, एवढेच तो सांगतो. अर्ज मंजूर झाला तरी तो निकाली निघतो आणि वाऱ्यावर सुटला तरी निकालीच निघतो. म्हणून क्रियापदावर विसंबून न राहता त्याच्या आधीचे वाक्य वाचावे लागते. ‘अर्जदार व वकील पुकाऱ्यास गैरहजर; अर्ज कसुरीमुळे खारीज’ असे लिहिले असेल तर निवाडा झालेला नाही, आणि पुनःस्थापनेचा अर्ज त्याच न्यायाधिकरणात करावयाचा. ‘अर्जदाराने पुरावा दिला नाही, वाहनचालकाचा निष्काळजीपणा सिद्ध होत नाही, सबब अर्ज फेटाळण्यात येतो’ असे असेल, तर अर्जदार त्याही दिवशी गैरहजरच असला तरी न्यायाधिकरणाने गुणदोषांवर मत दिले आहे, आणि सामान्यतः कलम १७३ प्रमाणे नव्वद दिवसांत उच्च न्यायालयात अपील करणे हा सरळ मार्ग ठरतो. ह्या दुसऱ्या प्रकारात आदेश १७ चे नियम २ व ३ तपासून पाहणे अगत्याचे असते. पुराव्याचा बराचसा भाग नोंदला गेल्यावर पक्षकार गैरहजर राहिला, तर तो हजर आहे असे समजून पुढे जाण्याची मोकळीक नियम २ च्या स्पष्टीकरणाने दिली आहे. पुरावा मुळीच नोंदलेला नसता ‘सिद्ध होत नाही’ असे लिहिणे म्हणजे खारीज अर्जाला फैसल्याची वस्त्रे चढविणे होय, आणि तसा आक्षेप घेण्यास जागा असते. मार्ग निवडण्यात प्रामाणिक चूक झाली, तर त्यात गेलेला काळ वगळण्याची तरतूद मुदत अधिनियम, १९६३ ह्याच्या कलम १४ मध्ये आहे. परंतु तिच्यावर भिस्त ठेवून मार्ग निवडणे शहाणपणाचे नव्हे.

‘कसूर’ ह्या शब्दाविषयीही दोन शब्द सांगणे अप्रस्तुत होणार नाही. अरबीत त्याचा अर्थ ‘कमी पडणे, उणीव’ एवढाच आहे. मराठीत ‘कर्तव्यात कसूर’ ह्या प्रयोगामुळे त्याला दोषाची छटा चिकटली, आणि ‘कसूरवार’ तर सरळ अपराधीच झाला. ‘कसुरीमुळे खारीज’ हे वाचून एखादी विधवा आपल्यावर ठपका आला असे समजून गप्प बसते, ह्यात आश्चर्य नाही. कायद्याला तेथे उणीव अभिप्रेत आहे, अपराध नव्हे.

मुदतीचा प्रश्न सर्वांत कठीण आहे. मुदत अधिनियमाच्या अनुसूचीतील अनुच्छेद १२२ प्रमाणे हजेरीच्या कसुरीमुळे, पाठपुरावा न केल्यामुळे किंवा समन्सचा खर्च न भरल्यामुळे काढून टाकलेला दावा पूर्ववत् करून मागण्यास तीस दिवस आहेत, आणि ते ‘काढून टाकल्याच्या तारखेपासून’ मोजावयाचे आहेत. लगेच पुढचा अनुच्छेद १२३ एकतर्फी हुकूमनाम्यासंबंधी आहे. तेथेही तीसच दिवस. पण समन्स रीतसर बजावले नसेल तर ते प्रतिवादीला हुकूमनामा ‘कळल्याच्या तारखेपासून’ धरले जातात. म्हणजे प्रतिवादीच्या अज्ञानाची दखल कायद्याच्या मजकुरातच घेतली आहे; अर्जदाराच्या अज्ञानाची घेतलेली नाही. त्याला आदेश कळो वा न कळो, महिना चालू झालेला असतो. वादीने स्वतःच दावा लावलेला असल्याने त्याला तारखांची माहिती असलीच पाहिजे, हे गृहीत त्यामागे आहे. मुंबईच्या पेढीला ते लागू पडेल. धडगाव वा भामरागडच्या अर्जदाराला कितपत पडते, हे ज्याचे त्याने ठरवावे. अनुच्छेद १२२ च्या शब्दांत ‘दावा’, ‘अपील’ आणि ‘पुनर्विलोकनाचा वा पुनरीक्षणाचा अर्ज’ एवढेच येते, भरपाईचा अर्ज त्यात नाही, असा सूक्ष्म युक्तिवाद करता येण्यासारखा आहे. व्यवहारात मात्र तीस दिवस हीच सीमा मानून चालावे आणि ती ओलांडली असेल तर कलम ५ खाली विलंबमाफीचा अर्ज जोडावा.

येथे मसुदा लिहिणाऱ्यांकडून एक घोटाळा वारंवार होतो. कारणे दोन द्यावयाची असतात: त्या तारखेस हजर का राहता आले नाही, हे एक, आणि नंतर तीस दिवसांत अर्ज का केला नाही, हे दुसरे. दोन्हींसाठी कायद्यातील शब्द एकच आहे, ‘पुरेसे कारण’. म्हणून दोन्ही एका वाक्यात कोंबली जातात व दोन्ही निर्बल होतात. ‘पुरेसे’ हे सापेक्ष विशेषण आहे. कशासाठी पुरेसे, हे सांगितल्याखेरीज त्याला अर्थ नाही. जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा (२०००) ह्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने एकतर्फी हुकूमनाम्याच्या संदर्भात स्पष्ट केले, की ज्या तारखेच्या गैरहजेरीमुळे आदेश झाला त्या तारखेपुरतेच कारण पाहावे. आधीच्या तारखांना पक्षकार कसा वागला ह्यापर्यंत ते ताणू नये. पुनःस्थापनेच्या अर्जांतही हा मुद्दा उपयोगी पडतो. ‘रास्त कारण’ आणि ‘पुरेसे कारण’ ह्यांत भेद कोणता, ह्याचीही चर्चा १९६४ च्या अर्जुन सिंग विरुद्ध मोहिंद्र कुमार ह्या निर्णयात आली आहे. भेद असलाच तर तो पुराव्याच्या प्रमाणाचा, रास्त कारणाला थोडा कमी पुरावा चालतो, एवढेच न्यायालयाने म्हटले.

उदाहरण घेऊ. समजा, बीड जिल्ह्यातील एका ऊसतोड मजुराचा अपघाती मृत्यू झाला आणि त्याच्या पत्नीने जिल्ह्याच्या ठिकाणी अर्ज दाखल केला. ऊसतोडीत नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ धरला जातो. नवरा गेल्यावर ती ‘अर्धा कोयता’ म्हणून भावाच्या टोळीबरोबर कोल्हापूरकडे जाते. मुकादमाकडून उचल घेतलेली असल्याने हंगाम संपल्यावाचून परतता येत नाही. तारीख जानेवारीत पडते. अर्ज खारीज होतो. तिला ते एप्रिलमध्ये कळते. तिच्या वतीने प्रचलित साच्यात लिहिले जाते: ‘अर्जदार ही अपरिहार्य कारणास्तव नेमल्या तारखेस हजर राहू शकली नाही.’ ह्या वाक्यात कारण कोठेच नाही. ‘अपरिहार्य’ हा निष्कर्ष आहे, आणि तो काढण्याचे काम न्यायाधिकरणाचे. अर्जदाराने त्याला ज्यावरून निष्कर्ष काढता येईल ती हकीकत पुरवावयाची असते. गाव कोणत्या तारखेस सोडले, कोणत्या कारखान्याच्या हद्दीत काम होते, मुकादम कोण, वकिलाने तारीख कोणत्या मार्गाने व कोणाला कळविली, परत आल्यावर आदेश कोणाकडून व केव्हा समजला, नकलेसाठी अर्ज कोणत्या दिवशी केला, हे शपथपत्रावर क्रमाने आले आणि मुकादमाचे वा टोळीतील दुसऱ्या कोणाचे शपथपत्र सोबत जोडले, म्हणजे मग ‘अपरिहार्य’ हा शब्द लिहिण्याची गरज राहत नाही.

विलंबाकडे पाहण्याची न्यायालयांची दृष्टी एकसारखी राहिलेली नाही. अनंतनागचे भूसंपादन जिल्हाधिकारी विरुद्ध काटिजी (१९८७) ह्या निर्णयाने उदार धोरणाचा पुरस्कार केला. १९९८ च्या एन. बालकृष्णन प्रकरणात, विलंब किती झाला ह्यापेक्षा दिलेला खुलासा पटण्यासारखा आहे काय, हे महत्त्वाचे मानले गेले. उलटपक्षी बसवराज प्रकरणात (२०१३), पुरेसे कारण नसताना केवळ सहानुभूतीपोटी मुदत वाढविता येत नाही, असे ठामपणे सांगितले आहे. वकिलाच्या कसुरीविषयीही तेच. रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) मध्ये, वकील नेमून निर्धास्त झालेल्या पक्षकाराला वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा देऊ नये, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. सलील दत्त प्रकरणात (१९९३) मात्र हा काही निरपवाद नियम नव्हे, असे बजावले. तेथे पक्षकार खाजगी मर्यादित कंपनी होती. दोन्ही निर्णय एकत्र वाचले म्हणजे दिसते, की न्यायालय वकिलाकडे पाहून थांबत नाही. त्याच्यामागे उभा असलेला पक्षकार कोण, त्याला चौकशी करणे कितपत शक्य होते, हेही पाहते. म्हणून सारा दोष वकिलावर लोटणारा मसुदा सहसा टिकत नाही. आपण स्वतः काय केले, हे पक्षकाराला सांगावेच लागते.

पुनःस्थापनेचे महत्त्व अलीकडे का वाढले, हेही सांगितले पाहिजे. १९८८ च्या अधिनियमात मूळ अर्जालाच सहा महिन्यांची मुदत होती; १९९४ च्या दुरुस्तीने, १४ नोव्हेंबर १९९४ पासून, ती काढून टाकली गेली, आणि धन्नालाल प्रकरणात (१९९६) सर्वोच्च न्यायालयाने त्या बदलाचा लाभ मोकळ्या हाताने दिला. त्यानंतरच्या काळात नियम ३ खाली खारीज झालेल्या अर्जाच्या जागी सरळ नवा अर्ज करता येई, आणि कित्येकांना तेच सोपे वाटे. २०१९ च्या दुरुस्तीने सहा महिन्यांची मुदत पुन्हा आणली. ती १ एप्रिल २०२२ पासून अमलात आली. तिच्या वैधतेला सर्वोच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले, आणि २०२५ मध्ये, केवळ ह्या मुदतीच्या कारणावरून अर्ज काढून टाकू नयेत, असा अंतरिम आदेश झाला. परंतु अंतरिम आदेश तो अंतरिमच. दोन-तीन वर्षे चाललेला अर्ज खारीज झाल्यावर नव्या अर्जाची मुदत केव्हाच उलटलेली असणार. यास्तव जुना अर्ज जिवंत करणे हाच भरवशाचा मार्ग होय. पुनःस्थापित अर्ज मूळ दाखल तारखेचाच समजला जातो.

‘अमुक दिवसांत त्रुटी दूर न केल्यास अर्ज आपोआप खारीज समजावा’ अशा सशर्त आदेशांनी जाणारे अर्जही थोडे नाहीत. त्यांत आदेशानंतर पुन्हा कोणी काही ठरवीत नाही. दिवस उलटला की वाक्य स्वतःच अमलात येते. अशा आदेशाने न्यायालयाचे हात बांधले जातात काय? महंत रामदास विरुद्ध गंगादास (१९६१) ह्या निर्णयात, नागपूरशी दीर्घ संबंध असलेले न्यायमूर्ती हिदायतुल्ला ह्यांनी नकारार्थी उत्तर दिले: हे आदेश धाक दाखविण्यासाठी असतात, आणि मुदत संपल्यानंतरही योग्य कारण असल्यास न्यायालय ती वाढवू शकते. त्याआधी १९५५ मध्ये संग्रामसिंग प्रकरणात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस ह्यांनी (हेही नागपूरचेच) कार्यपद्धती ही न्यायाला साहाय्य करण्यासाठी असते, माणसांना अडखळवून पाडण्यासाठी नव्हे, असा विचार मांडला होता. अर्जदाराचाच मृत्यू होऊन वारसांची नावे नव्वद दिवसांत न लागल्यास आदेश २२ प्रमाणे दावा संपुष्टात येतो. तो परिणाम दूर करून घेण्यास आणखी साठ दिवस आहेत. जखमीचा भरपाईचा हक्क, मृत्यूचा त्या जखमेशी संबंध असो वा नसो, वारसांकडे जातो, असे कलम १६६ चे पाचवे उपकलम आता स्पष्ट सांगते. हा हक्क टिकला तरी नाव लावण्याची जबाबदारी टळत नाही.

पुनःस्थापनेचा अर्ज किरकोळ अर्ज म्हणून स्वतंत्र क्रमांकाने नोंदला जातो, आणि त्याच्याही तारखा पडतात. तो अर्जही गैरहजेरीत खारीज झाला तर? संहितेच्या कलम १४१ ला १९७६ मध्ये जोडलेल्या स्पष्टीकरणाने आदेश ९ खालील कार्यवाहीचा अंतर्भाव केला असल्यामुळे तोही पूर्ववत् करून मागता येतो. तो नामंजूर झाल्यास, नियमांनी अपिलाची सोय लागू केली असेल तेथे अपील, एरवी संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालय. मंजूर करताना न्यायाधिकरण खर्च भरण्याची अट घालू शकते. कलम १७१ प्रमाणे व्याज मूळ अर्जाच्या तारखेपासून देता येते. परंतु अर्ज खारीज अवस्थेत पडून होता त्या काळाचे व्याज मिळणार नाही, अशीही अट कधी कधी घातली जाते. तीस दिवसांच्या आत आलेल्या अर्जात अशा अटीने फारसे बिघडत नाही. चार वर्षांनी आलेल्या अर्जात मात्र ती रक्कम विचार करावयास लावण्याइतकी मोठी असते. म्हणून विलंब नेमका कोणामुळे झाला, नोटीस बजावली गेली होती की नाही, रोजनाम्यात त्या त्या तारखेस काय नोंद आहे, हे त्याच वेळी दाखवून त्या अटीला हरकत घ्यावी लागते. रोजनाम्याची नक्कल ह्या कामी आदेशाच्या नकलेइतकीच आवश्यक असते, आणि ती मागितल्याशिवाय मिळत नाही.